अमोघवर्षाचे बोट आणि गावाची वेठ

लातूर-नांदेड भागातील कोणत्याही संमेलनाची स्मरणिका, कोणत्याही पुढाऱ्याचा गौरवग्रंथ उघडून पाहावा. पहिल्या चार-सहा पानांतच राष्ट्रकूट भेटतात. लातूर म्हणजे प्राचीन लत्तलूर, राष्ट्रकूट सम्राट स्वतःला 'लत्तलूरपुरवराधीश्वर' म्हणवीत, कंधार हेही त्यांचेच नगर. एवढे झाले की लेणी, लेण्यांनंतर मुक्तिसंग्राम, आणि मग जाहिराती. अशा दोन स्मरणिकांत मीही लेख लिहिले आहेत. त्यांत वेगळे काही लिहिले होते असा दावा मला करता येणार नाही.

हा विषय पुन्हा उघडावा लागला तो एका विद्यार्थ्यामुळे. एम. ए.च्या वर्गातील हा मुलगा आमच्यासारख्याच वस्तीतून आलेला, घरातला पहिलाच शिकणारा. त्याने एक लेख लिहून आणला. लेखाचे सूत्र असे की अमोघवर्ष हा आपला राजा आहे. तो जैन आचार्य जिनसेनांचा शिष्य होता, म्हणजे श्रमण परंपरेतला. त्याच्या काळात कान्हेरीच्या बौद्ध विहाराला दाने मिळाली आणि त्या लेखांत त्याचे नाव सन्मानाने येते. त्याच्या दरबारात संस्कृतऐवजी लोकभाषेत ग्रंथ झाला. लोकांवरील संकट टळावे म्हणून त्याने स्वतःचे बोट कापून दिले. मग असा राजा प्रस्थापितांच्या स्मरणिकांना का सोडून द्यावा? आपण का नको मागायचा?

लेखात खोटे असे एकही विधान नव्हते. तरीही तो लेख मला बोचत राहिला, आणि का बोचतो हे मला त्या वेळी त्या मुलाला नीट सांगता आले नाही. 'पुन्हा वाच,' एवढेच मी म्हणालो. शिक्षकाजवळ उत्तर नसले की तो हेच म्हणतो. पुढले काही महिने मीच पुन्हा वाचत बसलो.

आधी कारकीर्द पाहू. अमोघवर्ष पहिला हा तिसऱ्या गोविंदाचा मुलगा. इ. स. ८१४ च्या सुमारास गादीवर आला तेव्हा तो कोवळा पोर होता. गुजरात शाखेतील कर्क याने पालक म्हणून कारभार सांभाळला. सामंत उठले, पोराची गादी गेली, आणि ८२१ पर्यंत कर्काने त्याला पुन्हा तीवर बसविले. पुढे वेंगीच्या चालुक्यांशी युद्ध, गंगांशी युद्ध, ज्या गुजरात शाखेने वाचविले तिच्याशीच वर्षानुवर्षे वैर, आणि बंकेय नावाच्या सेनानीच्या बळावर मोडलेली बंडे. ८७८ च्या आसपास ही कारकीर्द संपली. चौसष्ट वर्षे म्हणजे माणसाच्या दोन-तीन पिढ्या. सुलेमान या अरब व्यापाऱ्याच्या नावावर असलेल्या ८५१ च्या वृत्तांतात जगातील चार थोर राजांत 'बल्हरा' मोजलेला आहे. बल्हरा म्हणजे वल्लभराज, म्हणजे हा राष्ट्रकूट राजा.

आणि या साऱ्यात लातूर कोठे आहे? ते बिरुदात आहे. धारवाडकडील शिरूरच्या ८६६ च्या लेखात अमोघवर्षाला लत्तलूर या श्रेष्ठ नगराचा स्वामी म्हटले आहे. पण राजधानी मान्यखेट, म्हणजे आजच्या कलबुरगी जिल्ह्यातील मळखेड. डॉ. अ. स. आळतेकरांनी १९३४ साली राष्ट्रकूटांवर जो ग्रंथ प्रसिद्ध केला, त्यात घराण्याचे मूळ ठिकाण लातूर असे मांडले, आणि घराण्याची भाषा कानडी होती हेही मांडले. आमच्या स्मरणिकांनी पहिला भाग उचलला, दुसरा तेथेच ठेवला. पुढे सौंदत्तीचे रट्ट सामंतही याच नगराचे स्वामित्व मिरवीत राहिले. म्हणजे नगर एका जागी, अधीश्वर भलतीकडेच. लातूरच्या लोकांशी या बिरुदाचा संबंध किती, हे यावरून समजावे.

आता त्या बोटाकडे वळू. ही कथा आपल्याला मिळते ती संजाणच्या ताम्रपटात. शके ७९३, म्हणजे इ. स. ८७१. डॉ. दे. रा. भांडारकरांनी 'एपिग्राफिया इंडिका'त तो संपादून छापला. ताम्रपटाचे दोन भाग पडतात. पहिला पद्यात आहे. त्यात घराण्याची वंशावळ, पूर्वजांचे विजय, शत्रूंची दैना आणि चालू राजाची स्तुती असते. दुसरा गद्यात आहे. त्यात कोणते गाव, कोणाला, कशासाठी, कोणत्या हक्कांसह दिले, हे असते. बोट पद्यात आहे. प्रजेवरील संकट निवारण्यासाठी राजाने आपले डाव्या हाताचे बोट महालक्ष्मीला अर्पण केले, असे कवी सांगतो, आणि शिबी, दधीची, जीमूतवाहन यांच्याही वर त्याला बसवितो.

बोट कापले नसेलच असे म्हणण्याचे मला कारण नाही. चौसष्ट वर्षे राज्य करणारा माणूस एखाद्या भयाण घडीला तसे करूही शकेल. समीक्षकाने येथे वेगळा प्रश्न विचारावा लागतो. त्या काव्यात संकट कोठे आहे? ते दुष्काळाचे होते की रोगराईचे, किती गावे ओस पडली, कोण मेले, यातले कवीला काही सांगायचे नाही. प्रजा या श्लोकात येते ती केवळ राजाच्या बोटाला निमित्त म्हणून. शिवाय त्याच राजाच्या आश्रयाने 'गणितसारसंग्रह' लिहिणारा महावीराचार्य ग्रंथारंभी सांगतो की या राजाच्या राज्यात पिकांवर ईती नाही, अवर्षण नाही, जीव आणि पिके तृप्त आहेत. एकाच्या राज्यात संकटच नाही, दुसऱ्याच्या राज्यात ते इतके मोठे की राजाला अवयव तोडावा लागतो. दोघेही स्तुतीच करीत आहेत आणि दोघांनाही प्रजेची चौकशी करण्याची गरज वाटलेली नाही. 'अमोघवर्ष' या नावाचाच अर्थ, ज्याचा पाऊस कधी वाया जात नाही असा. २०१६ साली ज्या लातूरला आगगाडीने पिण्याचे पाणी आणावे लागले, त्या लातूरच्या स्मरणिकेत हे नाव छापताना कोणाच्या हाताला कंप सुटू नये, याचे मात्र नवल वाटते.

आमच्या वाचकाला या ठिकाणी एकलव्य आठवल्यावाचून राहणार नाही. मला तो आठवला, आणि मी थोडा सावध झालो, कारण एकलव्याचा अंगठा आता आमच्याही लेखनात फार सोपा झाला आहे. तरी एवढी तुलना करावीच लागते. राजाचे गेले ते डाव्या हाताचे बोट. त्यामुळे त्याचे राज्य, त्याची लेखणी, त्याची तलवार यांपैकी काही थांबले नाही, आणि बोटाच्या मोबदल्यात त्याला तांब्यावर कोरलेला श्लोक मिळाला. एकलव्याचा गेला तो उजवा अंगठा, म्हणजे त्याचे सारे शिक्षण. एकाने दिले, दुसऱ्याकडून घेतले गेले. 'त्याग' हा शब्द दोन्हींसाठी वापरणाऱ्या समीक्षेला या दोन क्रियापदांतले अंतर दिसत नसेल, तर ती काव्य वाचते तरी कशी?

याच ताम्रपटात आणखी एक श्लोक आहे. त्याची चर्चा इतिहासकार गुप्तांच्या संदर्भात करतात, साहित्याचे लोक करीत नाहीत. कवी म्हणतो त्याचा आशय असा: ज्याने भावाला मारून त्याचे राज्य आणि त्याची राणी बळकावली, तो गुप्त राजा कलियुगात म्हणे मोठा दाता म्हणून गाजला! अमोघवर्षापुढे त्याची काय कथा! मला हा श्लोक साऱ्या प्रशस्तीत सर्वांत जिवंत वाटतो. येथे कवीने दानाचा मुखवटा ओढून काढला आहे. दाता म्हणून ज्याचा जयजयकार होतो त्याच्याजवळ द्यायला आले कोठून, हा प्रश्न त्याने विचारला आहे. हा विद्रोही प्रश्न आहे. पण तो दुसऱ्याच्या राजाला विचारलेला आहे. आपल्या राजापाशी येताच कवीची दृष्टी मिटते. दरबारी प्रतिभेची मर्यादा मला येथे दिसते. तिला दिसत नाही असे नाही, पण ती परवानगीने पाहते.

प्रस्थापित समीक्षा बहुधा येथवर येऊन थांबते. अलंकार मोजून होतात, वृत्ते ओळखून होतात, पुढचा गद्य भाग इतिहासवाल्यांकडे सोपविला जातो. इतिहासवाले त्यातून गावाचे नाव, तिथी, गोत्रे उचलतात. काव्याचे मानकरी एक, तपशिलाचे मानकरी दुसरे. मधले जे उरते त्याला वाली नाही.

ते मधले काय आहे? संजाणच्या पटाने झरिवल्लिका नावाचे गाव चार ब्राह्मणांना दिले. राष्ट्रकूटांच्या ग्रामदानांचा शब्दसाचा ठरलेला आहे. दान बळी, चरू, वैश्वदेव, अग्निहोत्र चालावे म्हणून दिलेले असते. गावाबरोबर काय काय दिले, याची यादी असते: दशापराधांचा दंड, धान्य आणि हिरण्य या रूपाने येणारे देणे, राजाच्या चाट-भटांना गावात पाऊल टाकण्याची बंदी. आणि या यादीतच एक लांबलचक समास येतो, 'सोत्पद्यमानविष्टिक'. वेळोवेळी निर्माण होणाऱ्या विष्टीसह, असा त्याचा अर्थ. विष्टी म्हणजे मोबदला न देता करून घेतलेले काम. ज्याला गाव मिळाले त्याला गावातल्या माणसांचे फुकट श्रमही मिळाले. आज लागणारे आणि उद्या लागतील तेही. डॉ. रामशरण शर्मा यांनी १९६५ साली भारतीय सरंजामशाहीवरील ग्रंथात अशा दानपत्रांच्या आधारे गाव आणि गावकरी कसे एकत्र हस्तांतरित होत हे दाखविले, त्यालाही आता साठ वर्षे झाली. आमच्या स्मरणिकांपर्यंत ते अजून पोचलेले नाही.

येथे एक खुलासा करणे जरूर आहे. विष्टी केवळ अस्पृश्यांकडून घेत, असे ताम्रपट म्हणत नाही. कारागीर, शेतकरी, गावातला जो दुबळा तो तो तिच्यात सापडत असणार. ताम्रपटाला माणसांची नावे नाहीत आणि जातीही नाहीत. चार ब्राह्मणांची नावे आहेत, गोत्रे आहेत, शाखा आहेत. लेख कोणी रचला हेही असते. झरिवल्लिकेच्या माणसांना मिळून एक शब्द मिळाला आहे, विष्टी. आपले सोयीचे म्हणून त्या शब्दात मी आजची जातवार यादी भरणार नाही. पण तो शब्द वाचून मी पुढे सरकूही शकत नाही.

कारण तो शब्द माझ्या घरातला आहे. विष्टीचे प्राकृतात विट्ठी-वेट्ठी झाले आणि मराठीत वेठ. महाराजाधिराज, परमेश्वर, भट्टारक ही बिरुदे कोशात जाऊन पडली. लत्तलूरपुरवराधीश्वर तर स्मरणिकेपुरता उरला. बोलीत टिकली ती वेठ. माझे आजोबा कंधार तालुक्यातल्या एका गावात येसकरकी करीत. निजामाचे राज्य होते. सरकारी माणूस गावात आला की त्याचे ओझे पुढच्या गावच्या शिवेपर्यंत पोचवायचे, घोड्याला चारा टाकायचा, रात्री जागल करायची. आजी सांगायची, 'तुझा आजा वेठीला गेला की कधी येईल ह्याचा नेम नसायचा. भाकरी बांधून द्यायची, पण किती दिवसांची बांधू हे कळायचं न्हाई.' लहानपणी मला वाटे, वेठ हे एखाद्या गावाचे नाव असावे. आजोबा तेथे जातात आणि रिकाम्या हाताने परत येतात. 'सोत्पद्यमान' या विशेषणाचा अर्थ मला कोशाने सांगितला नाही. किती दिवसांची भाकरी बांधू, या आजीच्या वाक्याने सांगितला. आज उद्भवणारी आणि उद्या उद्भवणारी. ती किती, हे करणाऱ्याला ठाऊक नसणे हीच तिची व्याख्या.

बाबासाहेबांनी १९२८ साली मुंबईच्या कायदेमंडळात महार वतनाच्या प्रश्नावर विधेयक आणले, १८७४ च्या वतन कायद्यात दुरुस्ती मागितली, तेव्हा त्यांचा एक मुद्दा हाच होता की या सेवेला तासांची आणि कामांची मर्यादाच नाही. नवव्या शतकातला समास आणि विसाव्या शतकातले विधेयक एकाच गोष्टीबद्दल बोलत आहेत, असे मी म्हटले तर इतिहासाचे प्राध्यापक मला थांबवतील. मधली हजार वर्षे, मधल्या राजवटी, वतनाची वेगळी घडण हे सारे मला मान्य आहे. पण शब्द एकच राहिला हे त्यांनीही मान्य करावे. आणि आता त्या शब्दाचे काय झाले आहे पाहा. कर्मचाऱ्यांनी पगारासाठी संप केला की वर्तमानपत्रे मथळा देतात: 'जनतेला वेठीस धरले'. ज्याने वेठ नाकारली तोच वेठ लावणारा ठरला. भाषेचा इतिहास शिकविताना मी हे उदाहरण देतो आणि वर्गात पुढच्या बाकावर कोण हसते, मागच्या बाकावर कोण हसत नाही, हे पाहतो.

विद्यार्थ्याच्या लेखातला सर्वांत भक्कम मुद्दा लोकभाषेचा होता. 'कविराजमार्ग' हा कानडीतला उपलब्ध असलेला सर्वांत जुना ग्रंथ, आणि तो अमोघवर्षाच्या, म्हणजे नृपतुंगाच्या नावाशी जोडलेला आहे. प्रत्यक्ष रचना दरबारातील श्रीविजयाची, असे बहुतेक अभ्यासक मानतात. त्यात कानडी देशाची सीमा कावेरीपासून गोदावरीपर्यंत सांगितली आहे. म्हणजे आमच्या नांदेडच्या घाटापर्यंत. यावरून दोन्ही भाषांच्या अभिमान्यांनी पुष्कळ शाई खर्च केली. राजा मराठी की कानडी? मला या वादात रस नाही. १९५६ च्या नोव्हेंबरपर्यंत नांदेड आणि गुलबर्गा एकाच हैदराबाद राज्यात होते, आणि वेठ दोन्हीकडे होती.

रस आहे तो दुसऱ्या गोष्टीत. याच ग्रंथात असे म्हटले आहे की या देशातले लोक रीतसर अभ्यास न करताही काव्याच्या जाणिवेत पक्व असतात. अकराशे वर्षांपूर्वीच्या दरबारी काव्यशास्त्रात हे यावे, ही लहान गोष्ट नाही. अशिक्षिताला कविता कळते, तो ती करू शकतो, हे ज्या काळी आमच्याकडचे समीक्षक दलित आत्मकथनांना 'कच्चा माल' म्हणत होते त्या काळीही मान्य नव्हते. ग्रंथात बेदंडे, चत्ताण असे देशी काव्यप्रकारही येतात. पण लगेच काय होते? नियम येतात ते दंडीच्या 'काव्यादर्शा'तून. गुण कोणते, दोष कोणते, अलंकार कसे, हे संस्कृत शास्त्राच्या मापाने ठरते. लोकांना काव्य येते असे म्हणायचे आणि काव्य म्हणजे काय हे त्यांना विचारायचे नाही. झरिवल्लिकेच्या माणसांची मेहनत जशी यादीत आली, तशीच या लोकांची प्रतिभाही यादीत आली: देशाच्या वैभवांपैकी एक म्हणून. अर्थात या ग्रंथाला मी झरिवल्लिकेच्या ताम्रपटाबरोबर एका मापाने मोजणार नाही. त्यातल्या त्या एका जाणिवेसाठी मी त्याला मान देतो, आणि तो मराठीत नीट यावा, आमच्या मुलांनी वाचावा असेही मला वाटते.

मग हा राजा आपला का नाही? जिनसेन खरे, कान्हेरी खरी. कान्हेरीच्या ८५३ आणि ८७७ च्या लेखांत शिलाहार सामंताबरोबर त्याचे नाव येते, भिक्खूंच्या विहाराला दान मिळाल्याचे तेथे कोरलेले आहे. 'प्रश्नोत्तररत्नमालिका' त्याची असेल तर अखेरीस विवेकाने राज्य सोडल्याचेही पुण्य त्याच्या पदरात पडते. पण श्रमणांना वंदन करणारा हाच हात ८७१ साली चार ब्राह्मणांच्या अग्निहोत्रासाठी विष्टीसकट गाव देतो. राजाला यात विसंगती वाटली नाही. ती आपल्याला वाटली पाहिजे. आपणही कधी राजे होतो, राजे आपले होते, हे म्हणण्याचा मोह मी समजू शकतो. ज्याला कालपर्यंत गावात सरळ वाट नव्हती त्याला सिंहासनाची ओढ लागावी यात आश्चर्य नाही. मलाही लागली होती. पण त्या ताम्रपटात आपले नाव शोधायचे असेल तर ते पद्यात सापडणार नाही.

गेल्या हिवाळ्यात वर्ग घेऊन कंधारला गेलो. किल्ला पाहिला. राष्ट्रकूट कृष्णाच्या काळच्या लेखात ज्याचे नाव येते त्या जगत्तुंग समुद्राच्या काठावर बसून पोरांनी डबे खाल्ले. क्षेत्रपालाच्या प्रचंड मूर्तीचे तुकडे पाहिले. पाऊल इतके मोठे की दोन पोरे त्याच्या शेजारी आडवी झाली आणि तिसऱ्याने फोटो काढला. तलाव कोणी बांधला, असे एकीने विचारले. सोबतच्या स्थानिक माहीतगाराने राजाचे नाव सांगितले. तिने पुन्हा विचारले, 'नाही, खणला कोणी?' माहीतगार माझ्याकडे पाहू लागला.

परतीच्या एस. टी.त माझा तो विद्यार्थी शेजारी येऊन बसला. लेख त्याने नव्याने लिहायला घेतला होता. शीर्षक बदलले होते, बोटाचा परिच्छेद आखूड केला होता, विष्टीवर चार पाने वाढविली होती. कान्हेरीचा भाग मात्र त्याने तसाच ठेवला होता. 'सर, ते दान राजाचं नव्हतं, पण चीवर घालणारे आणि ग्रंथ वाचणारे भिक्खू तिथं ८७७ सालीही होते. ते मी काढणार नाही,' तो म्हणाला. मी काढायला सांगितले नाही.